बाटलीवरचा नंबर



गेल्या महिन्यात आमच्या बचत गटाच्या बैठकीत एक तक्रार निघाली. उपकेंद्रातल्या सिस्टर फार वेळ लावतात. रोजच्या ओळखीच्या असून बाळाचं नाव विचारतात, कार्ड मागतात, औषधाची बाटली उजेडात धरून बघतात, तिच्यावरचा नंबर वहीत उतरवतात आणि टोचून झालं तरी अर्धा तास बसवून ठेवतात. "तेवढ्यात माझी अर्धी पात खुरपून झाली असती," असं एक जण म्हणाली आणि सगळ्या हसल्या. पण प्रश्न हसण्यावारी नेण्यासारखा नव्हता. जिची मजुरी बुडते, तिला अर्ध्या तासाची किंमत असतेच. मग आम्ही ठरवलं की सिस्टर हे सगळं का करतात याचा मागोवा घ्यायचा. शोधत गेलो तसं कळलं की यातली एकेक सवय कुठे ना कुठे माणसं गेल्यावर लागलेली आहे. आज तीच हकिगत सांगतो.

सुरुवात बाटलीवरच्या नंबरापासून करू. त्याची गोष्ट आपल्या मुंबईतूनच निघते.

१८९६ साली मुंबईत प्लेगची साथ आली. माणसं घरंदारं सोडून पळत होती. सरकारने वाल्डेमार हाफकिन या शास्त्रज्ञाला मुंबईला बोलावलं. त्यांचा जन्म ओडेसा शहरातला. त्यांनी भायखळ्याच्या ग्रँट मेडिकल कॉलेजात प्लेगची लस तयार केली आणि १० जानेवारी १८९७ रोजी ती पहिल्यांदा स्वतःला टोचून घेतली. त्याच वर्षी १० मार्चला, प्लेगच्या रोग्यांची सेवा करता करता, पुण्यात आपल्या सावित्रीबाई फुले गेल्या. एवढा तो काळ कठीण होता.

पुढे परळच्या प्रयोगशाळेत ही लस मोठ्या प्रमाणावर तयार होऊ लागली आणि बाटल्या भरून देशभर जाऊ लागली. प्लेग पंजाबात पोहोचला होता. ३० ऑक्टोबर १९०२ रोजी पंजाबातल्या मुल्कोवाल नावाच्या गावात १०७ जणांना लस टोचली गेली. पाच बाटल्या वापरल्या. आठवड्याभरात त्यातल्या १९ जणांचे जबडे आवळले, अंग ताठ झालं. धनुर्वात झाला होता. एकोणीसच्या एकोणीस जण दगावले.

गाव हादरलं आणि देशभर लशीची भीती पसरली. चौकशी सुरू झाली. कोणाला कुठल्या बाटलीतून टोचलं हे पाहिलं तेव्हा एक गोष्ट समोर आली. दगावलेले सगळे एकाच बाटलीतले होते. त्या बाटलीचा नंबर होता ५३-एन. बाकीच्या चार बाटल्यांतली लस घेतलेले ८८ जण धडधाकट होते.

म्हणजे दोष लशीत नव्हता, त्या एका बाटलीत होता. पण बाटलीत धनुर्वाताचे जंतू शिरले कधी? परळला भरताना, की मुल्कोवालला उघडताना? चौकशी समितीने ठपका प्रयोगशाळेवर ठेवला. हाफकिन यांना काम सोडून जावं लागलं. त्यांची पाच वर्षं स्वतःवरचा डाग पुसण्यात गेली. मात्र चौकशीतच एक साधी गोष्ट नोंदली गेली होती. ती बाटली उघडताना मदतनिसाच्या हातून चिमटा जमिनीवर पडला होता. त्याने तो जंतुनाशक पाण्यात नुसता बुडवून घेतला, ज्योतीवर तापवला नाही आणि त्याच चिमट्याने बूच काढलं. शिवाय बाटलीत धनुर्वाताचे जंतू बरेच दिवस वाढत राहिले असते तर उघडताक्षणी घाण वास आला असता. तसा वास टोचणाऱ्या डॉक्टरांना आला नव्हता. मलेरियावर काम करणारे रोनाल्ड रॉस यांच्यासह अनेक शास्त्रज्ञ हाफकिन यांच्या बाजूने उभे राहिले आणि १९०७ साली ते दोषमुक्त ठरले. परळच्या त्या प्रयोगशाळेला १९२५ साली त्यांचंच नाव दिलं गेलं. तीच आजची हाफकिन संस्था.

धनुर्वाताचे जंतू मातीत असतात, हे आपल्याला कोणी सांगायला नको. विळा लागला, खिळा रुतला की आपण धनुर्वाताचं इंजेक्शन घ्यायला धावतो ते त्याचसाठी. मुल्कोवालला तीच माती चिमट्यावरून बाटलीत गेली. म्हणून आज सिस्टरच्या हातून सुई ओट्यावर घसरली, तिचं टोक नुसतं बोटाला किंवा चादरीला लागलं, तरी ती फेकून नवी घेतात. आपल्याला वाटतं, पुसून घेतली असती तर काय बिघडलं असतं! काय बिघडतं ते मुल्कोवालच्या एकोणीस घरांनी पाहिलं.

आणि नंबर? ५३-एन हा नंबर माहीत नसता तर सगळी लसच वाईट ठरली असती. हजारो माणसांनी ती नाकारली असती आणि प्लेगने गेली असती. नंबरामुळे कळलं की खोट कुठे आहे. आजही लशीच्या बाटलीवर बॅच नंबर असतो. उद्या कुठल्या गावात बाळाला त्रास झालाच, तर त्याच बॅचच्या बाटल्या थांबवता येतात, ती कुठे कुठे दिली ते शोधता येतं. सिस्टर वहीत नंबर उतरवतात तेव्हा आपल्या लेकराचा माग ठेवत असतात.

बाटली उजेडात धरतात तेही विनाकारण नाही. आत गढूळपणा आहे का, काही तरंगतंय का, मुदत संपली आहे का, हे बघायचं असतं. लशीच्या बाटलीवर एक छोटा गोल असतो आणि त्याच्या आत चौकोन. चौकोन गोलापेक्षा फिका असेल तर लस वापरायला योग्य. चौकोन गोलाइतका किंवा त्याहून गडद झाला, तर समजायचं की तिला वाटेत ऊन, उष्णता लागली आणि ती बाद झाली. पुढच्या वेळी सिस्टरना म्हणा, जरा आम्हालाही दाखवा. त्या आनंदाने दाखवतील.

आता दुसरी सवय बघू. दरवेळी नवं पाकीट फोडून नवी सिरिंज का?

आमच्यातल्या पन्नाशी ओलांडलेल्यांना दवाखान्यातला स्टोव्ह आठवत असेल. त्यावर स्टीलचा डबा, डब्यात उकळतं पाणी आणि पाण्यात काचेची सिरिंज आणि सुया. नीट, पुरेसा वेळ उकळलं तर त्यातले बरेचसे जंतू मरतात. पण बाहेर पन्नास माणसांची रांग असली, स्टोव्हला रॉकेल नसलं, की उकळण्याच्या जागी नुसतं खळबळणं व्हायचं. हे फक्त आपल्याकडे नव्हतं. जगभर असंच चालायचं. त्याची सगळ्यात भयंकर किंमत आफ्रिकेतल्या एका खेड्याने मोजली.

त्या खेड्याचं नाव यांबुकू. देश तेव्हाचा झाईर, आताचा काँगो. तिथे जोगिणी चालवत असलेलं एक मिशनचं रुग्णालय होतं. लांबलांबून लोक यायचे, औषधं कमी, साधनं कमी. रोज सकाळी पाच सिरिंजा आणि पाच सुया काढल्या जायच्या. त्याच दिवसभर पुरवायच्या. एकाला टोचलं की कोमट पाण्याने धुवायची आणि पुढच्याला टोचायची. १९७६ साली एक तापाचा रोगी आला आणि त्याच्या पाठोपाठ माणसं मरू लागली. तो इबोला होता. तोवर त्या रोगाला नावही नव्हतं. त्या साथीत ३१८ जणांना लागण झाली आणि २८० जण गेले.

शोध घेणाऱ्या डॉक्टरांच्या लक्षात आलं की आजारी पडलेल्यांत तरुण बायका बऱ्याच आहेत. असं का? त्यातल्या अनेक जणी गरोदर होत्या. तपासणीला आल्या की त्यांना ताकदीचं इंजेक्शन मिळायचं. जीवनसत्त्वाचं. गरज नसलेली सुई, आणि तीही दुसऱ्याच्या रक्तातून आलेली. टोचणाऱ्या जोगिणींची सेवावृत्ती खोटी नव्हती. त्यांच्यापैकीही काही जणी त्या रोगाने गेल्या. रुग्णालयातल्या १७ कर्मचाऱ्यांपैकी ११ जण दगावले आणि रुग्णालय बंद पडलं. माया होती, मेहनत होती. नव्हती ती सहावी सिरिंज.

इथे एक गोष्ट पक्की लक्षात ठेवू. काही ठिकाणी नुसती सुई बदलतात आणि सिरिंज तीच ठेवतात. ते चालत नाही. सुई काढताना रक्ताचा बारीक अंश सिरिंजच्या नळीत ओढला जातो. डोळ्यांना दिसत नाही, पण कावीळ ब, कावीळ क आणि एचआयव्ही यांचे विषाणू पोहोचवायला तेवढा पुरतो. माणूस बदलला की सुई आणि सिरिंज दोन्ही बदलायच्या.

हे माणसाच्या भरवशावर सोडू नये म्हणून पुढे अशी सिरिंज आली की जी दुसऱ्यांदा वापरताच येत नाही. एकदा दट्ट्या पूर्ण दाबला की तो आत अडकतो, मागे ओढला जात नाही. आपल्या देशात बाळांच्या लसीकरणात ही सिरिंज २००५ सालापासून आली. टोचून झाल्यावर सिस्टर एका छोट्या यंत्रात सुई घालून कट्‌ करून कापतात. तो हब कटर. सुईला टोपण परत लावत नाहीत, कारण टोपण लावतानाच ती स्वतःच्या बोटात घुसते. आपल्याला बरं करणारी बाई आपला आजार घेऊन घरी जाऊ नये, यासाठी ती शिस्त आहे. कापलेली सुई पांढऱ्या, न फुटणाऱ्या डब्यात आणि प्लॅस्टिक लाल डब्यात जातं. म्हणून दवाखान्यामागच्या उकिरड्यावर सिरिंजा दिसल्या, पोरं त्यांनी पाणी उडवत खेळताना दिसली, तर गप्प बसू नका. ग्रामसभेत बोला.

आता वळू सलाईनकडे. आपल्याकडे सलाईनवर फार विश्वास. अशक्तपणा आला, चक्कर आली, की "एक बाटली चढवा" म्हणतो. या बाटलीची गोष्ट तर सुईहूनही जुनी आहे. आत पोकळ सुई आणि तिच्यामागे दट्ट्याची नळी, ही जोडी १८५३ च्या सुमाराला आली. सलाईन त्याआधी एकवीस वर्षं.

१८३२ साली इंग्लंड-स्कॉटलंडात पटकीची, म्हणजे कॉलऱ्याची, साथ होती. विल्यम ओशॉनेसी या तरुण डॉक्टरने रोग्यांचं रक्त तपासून सांगितलं की त्यातलं पाणी आणि क्षार निघून गेलेत. हेच ओशॉनेसी पुढे कोलकात्याला आले. त्यांच्या म्हणण्यावरून लीथ बंदरातल्या थॉमस लॅटा या डॉक्टरने धाडस केलं. एक म्हातारी अगदी शेवटच्या घटका मोजत होती. त्यांनी तिच्या शिरेत नळी घालून मिठाचं पाणी सोडलं. बराच वेळ काही फरक नाही. मग हळूहळू तिचे खोल गेलेले डोळे वर आले, नाडी लागली, अंगात ऊब आली. अर्ध्या तासात ती बोलू लागली. लॅटा फार थकले होते. बाई आता वाचली असं समजून ते तिला रुग्णालयातल्या दुसऱ्या डॉक्टरच्या हवाली करून गेले. जुलाब परत सुरू झाले. पाणी परत कोणी सोडलं नाही. काही तासांत ती गेली.

सलाईन म्हणजे बाटली टांगून निघून जायचं काम नव्हे, हे त्या पहिल्याच बाईने शिकवलं. आज सिस्टर दर थोड्या वेळाने येऊन नाडी बघतात, हात सुजलाय का ते बघतात, लघवी झाली का विचारतात, ते त्यामुळेच.

लॅटांनंतर हा उपाय मागे पडला. पाणी स्वच्छ असलं तरी निर्जंतुक नसायचं. पुढे उकळून, वाफेचं पाणी करून दिलं तरी कित्येकांना सलाईन लागताच थंडी वाजून ताप यायचा. का, ते कळेना. ते शोधलं एका बाईने. अमेरिकेतल्या फ्लॉरेन्स सीबर्ट. लहानपणी पोलिओ झाल्याने त्या लंगडत चालायच्या. १९२३ साली त्यांनी दाखवून दिलं की पाण्यातले जंतू मेले तरी त्यांचा विषारी अंश पाण्यात राहतो आणि ताप त्याने येतो. पाण्याची वाफ करताना उडणारे बारीक थेंब तो अंश आपल्यासोबत घेऊन जातात. त्यांनी ते थेंब अडवणारं साधन तयार केलं. आज बाटलीतलं सलाईन शिरेत बिनधोक जातं, त्यात या बाईच्या कामाचा वाटा आहे. तरीही सलाईन चालू असताना हुडहुडी भरली, तर "होईल बरं" म्हणत बसू नका. लगेच सिस्टरला हाक मारा.

आणि एक गोष्ट आपण नातेवाईक करतो, ती कबूल करू. सलाईनच्या नळीवर एक चाक असतं. शेवटची एसटी चुकेल म्हणून आपल्यातलं कोणीतरी हळूच ते सैल करतं. सिस्टर घड्याळात बघून थेंब मोजतात, तो हिशोब आहे. नळीच्या पाकिटावर लिहिलेलं असतं की किती थेंबांचा एक मिलिलिटर. मोठ्यांच्या साध्या नळीत बहुधा वीस थेंब. पाचशे मिलिलिटरची बाटली चार तासांत द्यायची असेल, तर पाचशे गुणिले वीस म्हणजे दहा हजार थेंब. चार तासांची मिनिटं दोनशे चाळीस. भागलं की मिनिटाला सुमारे ४२ थेंब. चाक सैल केलं आणि तेच पाणी तासाभरात गेलं, तर म्हाताऱ्या माणसाच्या, हृदयाच्या रोग्याच्या फुप्फुसात पाणी भरू शकतं. बाटलीत औषध मिसळलेलं असेल तर धोका आणखी मोठा. पोटॅशियमचं औषध तर पातळ न करता, झटकन शिरेत गेलं की हृदय थांबवतं. म्हणून शिरेतून औषध देताना सिस्टर पुनःपुन्हा लेबल वाचतात आणि हळू देतात. शिरेत गेलेलं परत काढता येत नाही.

राहिला नावाचा प्रश्न, आणि अर्ध्या तासाचा. नर्सिंगच्या शिक्षणात पाच गोष्टी घोटून घेतात. माणूस बरोबर, औषध बरोबर, मात्रा बरोबर, मार्ग बरोबर, वेळ बरोबर. आपल्या एकेका गावात चार सुनीता असतात, त्यातल्या दोघींचं आडनावही एकच असतं. "तू सुनीताच ना?" असं विचारलं तर ग्लानीतली बाई कशालाही "हो" म्हणते. म्हणून "तुझं नाव सांग" असं विचारायचं असतं. ओळख असली तरी.

आणि अर्धा तास? मुल्कोवाल घडलं त्याच १९०२ साली फ्रान्समध्ये शार्ल रिशे आणि पॉल पोर्तिए हे दोघे कुत्र्यांवर प्रयोग करत होते. समुद्रातल्या एका प्राण्याचं विष एका कुत्र्याला टोचलं होतं, त्याला काही झालं नव्हतं. काही आठवड्यांनी तेच विष पुन्हा दिलं आणि तो काही मिनिटांत मेला. शरीर एखाद्या गोष्टीला अशी टोकाची उलट दाद देऊ शकतं, हे तेव्हा कळलं. रिशे यांना त्यासाठी १९१३ साली नोबेल पारितोषिक मिळालं. असं क्वचितच होतं. पण झालं तर बहुतेक वेळा पहिल्या अर्ध्या तासात होतं. अंगावर गांधी उठतात, श्वास कोंडतो, रक्तदाब कोसळतो. त्यावरचं अ‍ॅड्रेनॅलिनचं इंजेक्शन सिस्टरच्या पेटीत तयार असतं. आपण मात्र तिथे असायला हवं. वाटेत, बांधावर, वडापमध्ये ते मिळत नाही. म्हणून एखाद्या औषधाने पूर्वी पुरळ उठलं असेल, सूज आली असेल, तर न विचारताही सांगा.

शेवटची गोष्ट सुई न टोचण्याची आहे. १९७१ साली बांगलादेशाच्या लढ्यात लाखो निर्वासित पश्चिम बंगालमध्ये आले. बनगावच्या छावणीत पटकी पसरली. सलाईनच्या बाटल्या संपत आल्या. डॉ. दिलीप महालनबीस यांनी मीठ, सोडा आणि ग्लुकोज यांच्या पुड्या करवून घेतल्या, पाण्यात मिसळल्या आणि पिंपातून वाटल्या. पाजायला नर्सा पुरत नव्हत्या. पाजलं आया-बहिणींनी आणि नातेवाइकांनी. छावणीत आधी शंभरातले तीसेक रोगी दगावत होते. ते प्रमाण चाराच्या खाली आलं. ओठांनी पिता येत असेल तर पाणी शिरेतूनच द्यायला हवं असं नाही, हे तिथे सिद्ध झालं. जो पिऊ शकत नाही, ज्याची शुद्ध हरपत चालली आहे, त्याला सलाईन हवंच. बाकीच्यांना ओआरएसची पुडी पुरते.

म्हणून आमच्या गटाने ठरवलंय. दवाखान्यात "सुई द्याच" असा हट्ट धरायचा नाही. "गोळीने भागेल का?" असं विचारायचं. सुई लागणारच असेल तर पाकीट आपल्यासमोर फोडायला सांगायचं. आणि लसीकरणाच्या दिवशी जिची पात अर्धी राहील, तिची पात बाकीच्या जणींनी पुरी करायची. म्हणजे तिला अर्धा तास निवांत बसता येईल, आणि सिस्टरला बाटलीवरचा नंबर नीट लिहिता येईल.